पायाशी काय घालू

मरणाच्या सात वर्षं आधी सर एव्हरार्ड स्कार्थ
स्वतः घोड्यावरून माझ्या आवारात आले.
बुटांना दलदलीचा काळा चिखल,
गळ्याभोवती बापाच्या काळातली, खळ घालून ताठ केलेली
झालरीची कॉलर. तिच्यावर डोकं
ताटात वाढल्यासारखं.
"थडगं करायचंय," म्हणाले. "माप घे."
शिंप्याला सांगावं तसं.

मी माप घेतलं. डाव्या गुडघ्यात संधिवात,
तो दगडात उतरवायचा नाही असं ठरलं.
मजकूर त्यांनीच लिहून आणला होता:
इतके एकर जमीन, इतक्या मेंढ्या. मेंढ्या मग खोडल्या,
दगडावर शोभत नाहीत म्हणून.
दोन बायका. अकरा मुलं, त्यातली चार हयात.
आणि मोठ्या अक्षरांत: पाच पार्लमेंटांत सभासद.

मी पाथरवट माणूस, तोंडाला कुलूप नाही.
विचारलं, "तिथे काय बोललात साहेब? एखादं वाक्य कोरतो."
ते बराच वेळ माझ्या छिन्न्यांकडे बघत राहिले.
"एकदा खिडकी लावा म्हणालो होतो.
वारा येत होता."

हसलो दोघंही. ते आधी थांबले.

बाकीचं साऱ्या परगण्याला ठाऊक होतं.
निवडणुकीला होल्मगेटच्या चौकात बिअरची पिंपं फुटली,
आणि दलदलीतली माणसं, वाम धरणारी, बोरू कापणारी,
लांब पायकाठ्यांवरून बगळ्यांसारखी चालत आली
ओरडायला: स्कार्थ! स्कार्थ!
मत त्यांना नव्हतं, घसा होता.
साहेबांनी टोपी काढून शब्द दिला,
मी आहे तोवर हे पाणी कुणी उपसणार नाही.
लंडनला गेले. विधेयक आलं.
आदल्या रात्री एका उमरावाकडे भाजलेला हंस,
आणि ताटाखाली घडी घातलेला कागद:
कोरड्या होणाऱ्या जमिनीतले चारशे एकर.
सकाळी ते बोलायला उठले. खोकले. बसले.

चर खणले. पाणी गेलं, पाण्याबरोबर वामी गेल्या,
मग काठ्यांवरची माणसं.
कोरड्या जमिनीवर उंच होऊन करायचं काय?
माझा साडू त्यातलाच. त्याच चरात
डच मजुरांबरोबर फावडं मारलं त्याने, रोजावर.

"पायाशी काय घालू?" मी विचारलं. "कुत्रा की सिंह?
सिंहाला तीन शिलिंग जास्त."
"वाम."
मला वाटलं ऐकण्यात चूक झाली.
"वाम," ते म्हणाले. "ओली दिसली पाहिजे."

दगड ओला दिसणं सोपं नाही.
अलाबास्टर मेणाने घासत बसलो एक अख्खा हिवाळा.
वळसा असा घेतला की बघणाऱ्याचा हात आपसूक मिटावा.
मग सगळं गोणपाटाखाली, ते जाईपर्यंत.

ते गेल्यावर बाई आल्या बघायला,
धाकट्या, लेडी थिओडोसिया, काळ्या रेशमात, हातात यादी.
"हा साप कशाला?"
साप नव्हे, मी म्हटलं.
"ज्याला माहीत नाही त्याला सापच."
कुत्रा घातला. बरा झाला, कान जरा मोठे.

वाम फेकवेना.
भिंतीला टेकणाऱ्या बाजूला, जिथे नुसता चुना भरतात,
तिथे बसवली. मला माहीत आणि माझ्या पोऱ्याला.

पैसे अर्धेच मिळाले. थोरले चिरंजीव म्हणाले, पीक येऊ दे.
म्हणून मृत्यूचं साल मी पुरं केलं नाही.
सोळाशे, आणि पुढे दोन आकड्यांपुरती गुळगुळीत जागा.

रविवारी चर्चमध्ये माझं लक्ष तिकडेच जातं.
कोपरावर टेकून ते उठायच्या बेतात आहेत.
ओठ किंचित उघडे,
तेवढं मी माझ्या मनाने केलं होतं.

यंदा पाऊस थांबत नाही. चरांचे बांध फुगलेत.
पाद्री सांगत होता,
मागच्या भिंतीला ओल आली आहे.